सदर इसम माझे वडील नाहीत

नाशिकमध्ये आजवर असं एकही ई-चलन निघालेलं नाही, जे मला समजलं नाही! फुशारकी वाटेल, वाटू द्या. आमच्या सिडकोच्या गल्लीत कुणाच्या मोबाईलवर चलनाचा मेसेज आला, की तो माणूस आधी घाम पुसतो, मग बायकोवर ओरडतो आणि मग माझ्याकडे येतो. मी चष्मा चढवतो. लिंक उघडतो. फोटो मोठा करतो. "चाक पट्ट्याच्या पुढे किती होतं? सिग्नल पिवळा होता का? नंबर प्लेटवर ऊन पडलेलं का?" असे एकेक प्रश्न टाकतो. समोरचा ऑपरेशन थिएटरबाहेर बसल्यासारखा बसतो. शेवटी मी निकाल देतो, "भरून टाका." आजवर प्रत्येकाला मी हाच निकाल दिलेला आहे. पण मी दिला की लोकांना बरं वाटतं.

कारण तपासणी हा माझा धंदाच आहे. मी धम्मपाल सहादू पगारे, अंबडच्या एका कारखान्यात बावीस वर्षं क्वालिटी इन्स्पेक्टर. मशीनवरून पार्ट निघाला की माझ्या टेबलावर येतो आणि मी त्यात खोट शोधतो. सापडली की लाल टॅग. नाही सापडली की पुन्हा शोधतो! माझी बायको तेजल अजून लोकांना सांगते, की आमच्या लग्नात सगळे नवरीकडे बघत होते आणि मी मांडवाचा खांब सरळ आहे का ते बघत होतो. नव्हता.

तर अशा माझ्या घरात, माझ्याच बापाच्या नावावर चलन निघालं. आणि बाप जाऊन वर्ष होत आलेलं!

बाबांविषयी सांगायला हवं. सहादू पगारे. पस्तीस वर्षं लेथ मशीनपुढे उभे राहिले. बोलणं कमी, हसणं त्याहून कमी. खरं तर हसणं नव्हतंच. मी पहिल्या नंबराने पास झालो तेव्हा "बरं" म्हणाले, नोकरी लागली तेव्हा "बरं" म्हणाले आणि माझं लग्न ठरलं तेव्हा "बरं, बरं" म्हणाले, म्हणून आईने शेजारी पेढे वाटले.

रिटायर झाल्यावर ते एकदा गेटपाशी चक्कर येऊन पडले. मी त्याच दिवशी त्यांची स्कूटर बंद केली. किल्ली माझ्या कपाटात ठेवली आणि कंपनीतला एक लाल टॅग आणून हँडलला बांधला. टॅगवर लिहिलं, 'होल्ड. विनापरवानगी हलवू नये.' बाबा टॅगकडे बघत राहिले.  तेव्हापासून त्यांनी स्कूटरला हात लावला नाही. आईच्या डोळ्यांच्या तपासणीलासुद्धा दोघं रिक्षाने गेले. त्या संध्याकाळी बाबा आपणहून म्हणाले होते, "रिक्षावाला भला माणूस होता. सावकाश चालवत होता." बाबांनी एका दमात दोन वाक्यं बोलावीत याचं मला नवल वाटलं होतं. पण कंपनीत ऑडिट होतं, मी कागदांत बुडालेलो होतो.

पुढे बाबा झोपेतच गेले. काही त्रास नाही, हाक नाही. सकाळी आई चहा घेऊन गेली, एवढंच.

आता पहिला स्मृतिदिन पंधरा दिवसांवर आला होता आणि घरात एकच विषय होता, तो म्हणजे फोटो. भिंतीवर बाबांचा जो फोटो होता तो बँकेत हयातीच्या दाखल्यासाठी काढलेला. "मान सरळ, हलू नका," असं कुणीतरी दरडावलं असणार. बाबा त्यात असे दिसत होते, जणू आता पुढची सही पोलीस ठाण्यात करायची आहे.

आई वर्षभर त्या फोटोवर चिडलेली. आई म्हणजे भिमाबाई, नांदगावकडची. एक गोष्ट डोक्यात घेतली की सोडत नाही.

"धम्मा, ह्यो फोटो काढ. हे ते नव्हंत."

"आई, अगं आधार कार्डावर हेच तोंड आहे. बँकेत हेच आहे."

"बँकेला चालतंय. मला नाय चालत. स्मृतिदिनाला चार मानसं येनार, मेणबत्ती लावनार, ती काय या रांगेतल्या मानसापुढं? मला त्यांचा फोटो पाहिजे."

मी शोधला हो! सगळ्या लग्नांचे अल्बम काढले. बाबा सगळीकडे होते, पण तुकड्यातुकड्याने. कुठे कान, कुठे कोपर, कुठे वाढप्याच्या मागे अर्धं कपाळ. माझ्या मोबाईलमध्ये चार हजार फोटो निघाले. त्यातले तीन हजार गिअरचे! उरलेल्यांत बाबांचा एक होता, पाठमोरा, नळ दुरुस्त करताना. आई रोज संध्याकाळी विचारायची, "सापडला का रे?" आणि मी रोज म्हणायचो, "बघतोय."

त्यातच मी ठरवलं, की स्मृतिदिनाआधी बाबांची स्कूटर वारस म्हणून आईच्या नावावर करून टाकू. पेठ रोडला आरटीओबाहेर छत्रीखाली टेबल टाकून बसणारा जीवन नावाचा एजंट आहे. त्याच्याकडे कागद दिले. त्याने मोबाईलवर नंबर टाकला आणि म्हणाला, "साहेब, एक चलन पेंडिंग आहे. विनाहेल्मेट. मागच्या वर्षीचं. भरून टाका, पाचशेचा विषय."

भरून टाका! मला! माझंच वाक्य!

"अशक्य," मी म्हणालो. "ही गाडी दोन वर्षं होल्डवर आहे. किल्ली माझ्याकडे आहे. तारीख सांग."

तारीख बाबा जाण्याच्या तीन आठवडे आधीची. वेळ सकाळी अकरा चाळीस. जागा त्र्यंबक नाक्याचा सिग्नल. जीवनने फोटो उघडला आणि मला व्हॉट्सॲपवर पाठवला.

बघतो तर काय! स्कूटर आमच्या स्कूटरसारखी. वर एक म्हातारा. अंगात मोठ्या फुलांचा शर्ट. डोक्यावर हेल्मेट नाही, तोंडाचा आ वासलेला, आणि तो हसतोय! असा हसतोय, की फोटोतूनही आवाज यावा. मागे एक बाई. कॉलेजच्या पोरी बांधतात तसा चेहऱ्याला गच्च स्कार्फ, त्यावर मोठा काळा गॉगल, आणि एक हात म्हाताऱ्याच्या खांद्यावर. हँडलला लटकवलेल्या पिशवीतून मेथीची जुडी बाहेर आलेली आणि तिने नंबरचा शेवटचा आकडा अर्धा झाकलेला.

"हे माझे वडील नाहीत!" मी ओरडलो. पुढच्या छत्रीखालचा एजंटसुद्धा वळून बघायला लागला.

"मग तक्रार टाका," जीवन म्हणाला. "पण कुणाची मान्य होत नाही. दहा वर्षांत मी एक पाहिली नाही."

बस्! माझ्यातला इन्स्पेक्टर उभा राहिला. मी घरी आलो, जेवलोसुद्धा नाही. टेबलावर कंपनीचा तपासणीचा फॉर्म घेतला, पट्टी घेतली, फोटो लॅपटॉपवर मोठा केला आणि रिपोर्ट लिहायला बसलो. आठ मुद्दे! 'शर्ट : मोठ्या फुलांचा. माझे वडील आयुष्यभर फक्त रेघांचे शर्ट वापरत.' 'बसण्याची ढब : सैल. माझे वडील ताठ बसत.' 'दात : सदर इसमाचे वरचे पाच दात दिसत असून उजवीकडील एक दात नाही. माझ्या वडिलांचे सर्व दात शाबूत होते.' 'हास्य : सदर इसम मोठ्याने हसत आहे. माझे वडील हसत नसत.' शेवटी नंबराच्या मेथीने झाकलेल्या आकड्यावर अर्धं पान लिहिलं, तो आठ नसून तीन कसा असू शकतो ते. असा रिपोर्ट मी ऑडिटलासुद्धा लिहिला नव्हता.

मोठ्या अभिमानाने तेजलला हाक मारली. "बघ! याला म्हणतात तपासणी."

तेजलने रिपोर्ट वाचलाच नाही. ती फोटोकडे बघत राहिली. मग हळूच म्हणाली, "अहो, हा शर्ट मी आणलेला."

"कुठला शर्ट?"

"हाच. माझ्या भावाच्या लग्नात बाबांना दिला होता. बाबा म्हणाले, मी काय गोव्याला चाललोय का, आणि पेटीच्या तळाशी ठेवून दिला. अहो, याच्या खिशाचं बटण मीच बदललं होतं, निळं लावलं होतं. हे बघा, निळं."

मी मोठं करून पाहिलं. बटण निळं होतं.

मग मी कान पाहिला. डावा कान, वरून जरा दुमडलेला. माझाही तसाच आहे.

 म्हणजे बाबाच! होल्डवरची गाडी, माझ्या कपाटातली किल्ली, आणि हे सिग्नलला फुलांचा शर्ट घालून! पण मग मागे कोण? तेजल आणि मी एकमेकांकडे बघितलं आणि दोघांनीही तो प्रश्न तोंडातून बाहेर काढला नाही. ती त्या आठवड्यात माहेरी नामपूरला होती, मी ऑडिटमध्ये. घरात कोण काय करत होतं, आम्हा दोघांनाही माहीत नव्हतं.

तेवढ्यात स्वयंपाकघरातून आईचा आवाज आला, "कसला फोटो रे? त्यांचा सापडला का?"

"नाही आई!" मी लॅपटॉप धाडकन मिटला. "कंपनीचा आहे! रिजेक्शनचा!"

"बरं," आई म्हणाली. अगदी बाबांसारखं.

त्या दिवसापासून माझी झोप उडाली. आईने पस्तीस वर्षं त्या माणसाचे डबे भरले, लेथवरच्या तेलाचे कपडे धुतले, आणि वर्षभर त्याचा एक धड फोटो मागते आहे. तिला हा दाखवू? मी भिंतीवरच्या फोटोसमोरून जाताना मान वळवून जायला लागलो. खरं सांगतो, मला बाबांचा राग आला होता. त्या बाईचा कमी, त्या हसण्याचा जास्त. आमच्यासमोर एकदा तरी असं हसले असते तर काय बिघडलं असतं? तेवढंही घरात नाही आणि सिग्नलला उभं राहून कुणासोबत एवढं? मेलेल्या माणसाशी भांडता येत नाही हो, ते फार वाईट असतं.

जीवनला फोन केला. "पाचशे भरून टाकतो. मग फोटो जाईल ना?"

"नाही साहेब. भरलं तरी रेकॉर्डला राहतो. आणि गाडी आईंच्या नावावर झाली, त्यांचा मोबाईल नंबर टाकला, की जुनं सगळं त्यांना फोटोसकट दिसणार. चलन रद्द झालं तरच जातो."

म्हणजे आता रद्द करणं भागच होतं! आधी मला वाटत होतं की हे बाबा नाहीत, म्हणून मी रिपोर्ट लिहिला होता. आता मला माहीत होतं की हे बाबाच आहेत, आणि तोच रिपोर्ट मी खाली सही करून द्यायला निघालो. 'निष्कर्ष : सदर इसम माझे वडील नाहीत. तपासणारा : ध. स. पगारे.'

त्याआधी मी पुरावे नष्ट केले. माझ्या मोबाईलमधून फोटो काढला, लॅपटॉपमधून काढला, कचऱ्याच्या फोल्डरमधूनही काढला. तेजलचा मोबाईल तपासला. पेठ रोडला जाऊन जीवनच्या मोबाईलमधून माझ्या डोळ्यांदेखत काढायला लावला आणि पुन्हा पुन्हा तपासला, तीन वेळा. "साहेब, काय खून केलाय का?" जीवन म्हणाला. 

वाहतूक शाखेत तक्रारींच्या खिडकीत एक मॅडम होत्या. त्यांनी रिपोर्ट वाचायला घेतला. पहिलं पान वाचलं. दुसरं वाचलं. मग खुर्ची पुढे ओढून पुन्हा पहिल्यापासून वाचलं.

"दातसुद्धा मोजलेत?"

"तपासणी म्हणजे तपासणी, मॅडम."

"आणि हे, माझे वडील हसत नसत? कधीच नाही?"

"कधीच नाही," मी म्हणालो. आणि ते तर खरंच होतं.

मॅडमनी माझ्याकडे क्षणभर बघितलं. "इतकी व्यवस्थित तक्रार या खिडकीत आलेली नाही. पाठवते वर."

स्मृतिदिनाच्या आदल्या दिवशी, शनिवारी, मोबाईल वाजला. 'आपली तक्रार मान्य करण्यात आली आहे. सदर चलन रद्द.' मी लगेच साईट उघडली. आमच्या नंबरवर एकही चलन नाही. फोटो नाही. काही नाही! जिंकलो! जे नाशिकमध्ये कुणाला जमलं नव्हतं ते धम्मपाल पगारेने करून दाखवलं! त्रिमूर्ती चौकातून अर्धा किलो पेढे घेतले आणि घरी जाताना गल्लीतल्या चौघांना सांगितलं.

आई उद्यासाठी पांढरी फुलं निवडत बसली होती. "पेढे कशाचे?"

इथे मी गप्प बसायला हवं होतं. पण बावीस वर्षांत पहिल्यांदा कुणीतरी माझा रिपोर्ट शब्द न शब्द मान्य केला होता!

"बाबांच्या गाडीवर चुकून चलन निघालं होतं. रद्द करून घेतलं. असा रिपोर्ट लिहिला, की साहेब लोकांना मान्य करावाच लागला!"

"कसलं चलन?"

"हेल्मेट नव्हतं म्हणून. बाबा नव्हतेच ते! दुसराच कुणी होता, फुलाफुलांचा शर्ट घालून. मागे कुणीतरी बाई. स्कार्फ, गॉगल…"

तेजल आतून माझ्याकडे डोळे वटारत होती. फार उशीर झाला होता.

आईच्या हातातलं फूल तसंच राहिलं. मग ती उठली, आत गेली, पेटीचं झाकण वाजलं. बाहेर आली तेव्हा तिच्या हातात एक स्कार्फ होता, घडी न मोडलेला, आणि त्यावर एक मोठा काळा गॉगल.

"ह्यो का?"



"मोतीबिंदूची पट्टी काढली त्या दिवशी," आई म्हणाली. "डाक्टरनी गॉगल दिला. धूळ लागू देऊ नका म्हनले, मंग ह्यांनी रस्त्यावर स्कार्फ घेतला. आठवडाभर घरात गॉगल घालून फिरत व्हते मी. तू बघितला नाय का?"

मी बघितला नव्हता. माझं ऑडिट चालू होतं.

"पण तुम्ही रिक्षाने…"

"कसली रिक्षा! किल्ली त्यांनी केव्हाच करून घेतली व्हती. पस्तीस वर्षं लेथवर गेली, त्यांना किल्ली काय अवघड? तुझा लाल टॅग सोडायचे, खिशात ठेवायचे, आल्यावर व्हता तसा बांधायचे. धम्माला दुखायला नको म्हनायचे." आई हसली. "त्या दिवशी सकाळीच शर्ट घातला. म्हनले, भिमा, आज तुला नीट दिसनार हाय, जरा बरं दिसू दे मला. तपासून झालं, मखमलाबाद रोडला मिसळ खाल्ली. त्यांनी दोन पाव जास्ती घेतले. मेथी घेतली. मंग त्या सिग्नलला उभे राह्यलो. त्यांनी मान वळवली, ऊन पडलं तोंडावर, आन मला पहिल्यांदा सगळं लख दिसलं. मी म्हनलं, अवो, तुमी म्हातारे कवा झाले?"

आईने गॉगलची काच पदराने पुसली.

"लय हसले. लय. पुढं बघूनबी हसतच व्हते. सिग्नल सुटला, मागचे हॉर्न मारत व्हते, तरी आपले हसतच."

मग तिने हात पुढे केला. "दाखव."

"काय?"

"फोटो. वर्षभर मागते ना तुला? दाखव की."

मी मोबाईल काढला. का काढला, मलाच माहीत नाही. त्यात काही नव्हतं. मी साईट उघडली, नंबर टाकला, पुन्हा टाकला. जीवनला फोन लावला. "साहेब, तुम्हीच तर तीन वेळा तपासलं!" तेजल भिंतीला टेकून उभी होती. आईचा हात तसाच पुढे होता, आणि मला तिला सांगावं लागलं, की आई, नाही. मी काढून टाकला. सगळीकडून काढून टाकला.

ती खाली बसली आणि फुलं निवडायला लागली. मला वाटतं, ती ओरडली असती तर मला बरं वाटलं असतं.

रविवारी स्मृतिदिन झाला. बँकेतल्या रांगेतल्या माणसापुढे मेणबत्ती लागली. वंदना झाली, खीर झाली, लोक म्हणाले, "सहादू दादा फार शांत माणूस." आई पहिल्या रांगेत बसून खाली बघत होती.

सोमवारी मी रजा टाकून खिडकी उघडायच्या आधी तिथे उभा होतो. "मॅडम, ते चलन परत काढा!"

"काय?"

"परत लावा माझ्यावर! ते माझे वडीलच आहेत! दुप्पट दंड भरतो, पण तो फोटो द्या."

मॅडमनी बराच वेळ कॉम्प्युटरमध्ये पाहिलं. फोन करून कुणाला तरी विचारलंही. मग मान हलवली. "रद्द झालं की फोटो जातो. नाही हो मिळत." त्यांनी फाईल उघडली. "आणि हे काय मग? माझ्या वडिलांचे सर्व दात शाबूत होते. माझे वडील हसत नसत. खाली सही तुमचीच ना?"

मागे रांगेत दोघंतिघं हसले. मी सही पाहिली. माझीच होती. मॅडमना माझी दया आली असावी, कारण त्यांनी रिपोर्टची शिक्का मारलेली प्रत मला दिली. "एवढंच आहे माझ्याकडे."

घरी येऊन मी तो कागद आईसमोर ठेवला आणि झालं ते सगळं सांगितलं. तुला त्या बाईचं कळू नये म्हणून केलं, हेही सांगितलं. आई तोंडाला पदर लावून असं हसली, की मीच घाबरलो. "मी? ती बाई मी? आन तू माझ्यापासून मला लपवलंस व्हय रे!" मग डोळे पुसून म्हणाली, "वाच काय लिवलंय ते."

मी वाचलं. शर्ट मोठ्या फुलांचा. बसण्याची ढब सैल. डावा हात ब्रेकवर, उजवा पाय जमिनीला टेकलेला. हँडलला पिशवी, पिशवीत मेथी. मागे बसलेल्या महिलेचा हात इसमाच्या खांद्यावर, बोटं किंचित वळलेली. आई डोळे मिटून ऐकत होती.

"दात : उजवीकडील एक दात नाही. माझ्या वडिलांचे सर्व दात…"

"नव्हता," आई डोळे न उघडता म्हणाली. "ऊस खाताना पडला. बारा वर्षं नव्हता तो दात."

बारा वर्षं! मी त्यांच्यासमोर बसून बारा वर्षं जेवलो. तो दात दिसायला त्यांना हसावं लागलं असतं, आणि हसायला कुणीतरी त्यांच्याशी काहीतरी बोलावं लागलं असतं. मी टॅग बांधला होता.

"पुढचा वाच."

"हास्य : सदर इसम मोठ्याने हसत आहे."

"हां," आई म्हणाली. "आसंच. परत वाच."

मी परत वाचलं. पुढचं वाक्य वाचलं नाही.

आता तो रिपोर्ट भिंतीवर आहे, बाबांच्या शेजारी, काचेच्या फ्रेममध्ये. आईचाच हट्ट. फ्रेमवाल्याने विचारलं, "सर्टिफिकेट आहे का?" मी म्हणालो, "हो." शेवटची निष्कर्षाची ओळ मी मागे दुमडायला निघालो होतो. आईने हात धरला.

"राहू दे."

"आई, खाली लिहिलंय की हे माझे वडील नाहीत."

"आन त्याच्याखाली सही हाय ना तुझी? ध. स. पगारे. मधला स कुनाचा?"

ओळ तशीच आहे. काचेतून स्वच्छ दिसते. पाहुणे वाचतात आणि माझ्याकडे बघतात.

गल्लीतले लोक अजूनही चलनं घेऊन येतात, उलट जास्तच येतात, कारण माझी तक्रार मान्य झाल्याची बातमी मीच पसरवली होती. मी चष्मा चढवतो, लिंक उघडतो, फोटो मोठा करतो. चाक, पट्टा, सिग्नल काही बघत नाही. आधी विचारतो, "घरात सगळ्यांना दाखवलात?" मग म्हणतो, "सेव्ह करून ठेवा." आणि मग म्हणतो, "भरून टाका."